हुरड्याचं उद्घाटन

सोलापुरात माझं ट्रॅव्हल्सचं ऑफिस आहे असं सांगितलं की बाहेरगावचा माणूस आधी हसतो आणि मग विचारतो, "सोलापुरात बघण्यासारखं आहे काय?" पूर्वी मी किल्ला, तळं, तळ्यातलं देऊळ, माळढोक पक्षी असं धडाधड म्हणून दाखवायची. माळढोक म्हटलं की पुढचा प्रश्न यायचा, "दिसतो का?" तिथं माझी पंचाईत व्हायची. आता कुणी विचारलं की मी सरळ उलटं विचारते, "अक्कलकोटला सकाळी निघायचंय की जेवून?" माझं गिऱ्हाईक मला माहीत आहे. ते सोलापूर बघायला येत नाही. ते अक्कलकोट करतं, तुळजापूर करतं, वाटेत आमच्या गावात आंघोळ करतं आणि जाताना चादर, टॉवेल आणि शेंगाचटणी घेऊन जातं. सरकारी भाषेत या आंघोळीला पर्यटन म्हणतात.

पर्यटन हे सरकारचं काम की खासगी लोकांचं, या विषयावर मी पुष्कळ भाषणं ऐकली आहेत. आमच्या धंद्यातल्या लोकांना अशा भाषणांना आवर्जून बोलावतात आणि नंतर जेवण देतात. भाषणाचा सूर ठरलेला असतो. सरकार सुविधा देणार, खासगी क्षेत्र सेवा देणार, आणि दोघांच्या भागीदारीतून देश पुढं जाणार. शुक्रवार पेठेतल्या माझ्या दुकानातून मला ही भागीदारी जरा वेगळी दिसते. सरकार पाटी लावतं आणि पाटीवरचा बाण चुकलाय हे माझा ड्रायव्हर गिऱ्हाइकाला सांगतो. एवढ्यावर आमचं वर्षानुवर्षं बरं चाललं होतं. मग माझ्या मामेभावाला पर्यटन करायची हुक्की आली.

माझे मामा मंगळवेढ्याच्या अलीकडं एका गावात राहतात. काळी, खोल, भेगाळणारी जमीन. विहिरीला पाणी नाही, पण जमिनीच्या ओलीवर जोंधळा असा येतो की उभ्या पिकात माणूस शिरला तर दिसत नाही. मामांचा एकुलता एक मुलगा डिप्लोमा करून अक्कलकोट रोड एमआयडीसीत टॉवेलच्या कारखान्यात सुपरवायझर होता. खोली करून सोलापुरातच राहायचा आणि रविवारी माझ्याकडं जेवायला यायचा. पुढं कारखान्यातल्या पाळ्या कमी झाल्या, निम्मे माग झाकून ठेवले गेले, आणि त्याला पुण्याहून एका मित्राचा फोन आला. गोडाऊनमध्ये नोकरी होती, राहायची सोय होती. तो जायलाच निघाला होता. मामी आडव्या आल्या.

मामी अक्कलकोटकडच्या. माहेरची कन्नड अजून तोंडात आहे; दारात कुणी दिसलं की "बर्री, कूडरी", म्हणजे या, बसा, हे आधी आणि कोण, कुठले ते नंतर. एरवी त्या मुलाला कधी काही मागत नाहीत. त्या दिवशी मात्र माझ्यादेखत त्या त्याला म्हणाल्या, "पुण्याला गेलास की तू पाव्हना झालास. सणाला येशील, पिशवी भरून जाशील. मला पाव्हना नगं, पोरगा पायजे." त्यानं हातातली बॅग खाली ठेवली. मग म्हणाला, "एक सुगी बगतो, आई. हितं काय जमलं तर ऱ्हातो. न्हाय जमलं तर मला आडवायचं न्हाय."

मामींनी मान डोलावली आणि त्या दिवसापासून त्या सुगीकडं डोळे लावून बसल्या. गावात भेटेल त्याला सांगत सुटल्या की पोरगा राहतोय. मला भीती वाटायची. एवढ्या आशेनं कुणी काही बोललं की ते हमखास फसतं, असा माझा अनुभव आहे.

"हितं काय जमलं तर" यातलं काय म्हणजे नेमकं काय, हे त्याला एका सरकारी कार्यशाळेत सापडलं. स्टेशनजवळच्या हॉटेलातला थंडगार हॉल, पडद्यावर कृषी पर्यटनाची चित्रं. पहिल्याच चित्रात हिरव्यागार डोंगरावर गळ्यात घंटा बांधलेल्या परदेशी गाई होत्या. आमच्या जिल्ह्यात उन्हाळ्यात गाईला हिरवं दिसलं तर ती बिचकेल. पण साहेब रंगात आले होते. हे साहेब पर्यटनाच्या खात्यातले, बदलून नवीनच आलेले, बोलायला गोड. "लोक शेती बघायला पैसे देतात!" असं ते पुन्हा पुन्हा म्हणाले आणि शेती करून कुणाला पैसे मिळत नाहीत हा भाग त्यांनी सफाईनं गाळला. भाऊ शेजारी बसून मोबाईलवर भराभर फोटो काढत होता. बाहेर आल्यावर मला म्हणाला, "आक्का, आपल्याकडं हुरडा हाय की! पुन्या-मुंबईची लोकं हुरड्यासाठी येडी हायत. तू गाड्या पाठव, मी खायला घालतो."

कल्पना चांगली होती, हे मी आजही म्हणेन. थंडीत जोंधळ्याचं कणीस दाण्यानं भरतं, दाणा अजून हिरवा आणि मऊ असतो, तेव्हा ते आगटीत, म्हणजे खड्ड्यातल्या गोवऱ्यांच्या निखाऱ्यात भाजायचं, गरम असतानाच तळहातावर चोळायचं आणि शेंगाचटणी, गूळ, दह्याबरोबर खायचं. हे ज्यानं शेतात बसून खाल्लंय त्याला वेगळं सांगायला नको. गिऱ्हाईक मिळालं असतं. फक्त मामांना पटवणं बाकी होतं. मामांचं म्हणणं, हुरड्याला माणसं बोलवायची असतात, हुरडा विकायचा नसतो. शेवटी भावानं त्यांना सांगितलं, पैसे हुरड्याचे नाहीतच, बसायच्या खाटांचे आहेत. खाटेचं भाडं घ्यायला मामांची हरकत नव्हती.

मग नोंदणी. नोंदणीसाठी काय काय लागलं हे विचारू नका. बायकांचं वेगळं, पुरुषांचं वेगळं अशी दोन स्वच्छतागृहं लागली. आमच्या वस्तीवर मामींना आयुष्यभर एक नीट मिळालं नव्हतं, पुण्याच्या पाहुण्यांसाठी महिन्यात दोन उभी राहिली. मामी रोज ती धुवायच्या आणि स्वतः मात्र जुन्याच जागी जायच्या. झोपाळा लागला. "ग्रामीण वातावरण" लागलं. हे वातावरण पुरवण्यासाठी साहेबांनी एक भागीदार सुचवला. पुण्याची कार्यक्रम करणारी कंपनी, तिचा मालक तरुण, डोक्यावर केसांचा बुचडा बांधलेला. तो शेतावर आला, कमरेवर हात ठेवून त्यानं चौफेर बघितलं आणि म्हणाला, "सगळं छान आहे, फक्त खेडं वाटत नाहीये." मामांची पँट त्याला खटकली. धोतर नेसता येईल का म्हणून त्यानं विचारलं. मामांनी आयुष्यात धोतर नेसलं नव्हतं, लग्नातसुद्धा नाही. ट्रॅक्टर गोठ्यामागं लपवायला सांगितला आणि बैलगाडी शेजारच्या तालुक्यातून टेम्पोत घालून आणली. टेम्पोतून उतरलेल्या बैलगाडीपुढं भावानं सेल्फी काढून मला पाठवला. खाली लिहिलं होतं, आपलं खेडं तयार.

इथवर मी हसत होते. गाडं अडलं ते पुढं.

साहेबांना भावाचं केंद्र फार आवडलं. इतकं की ते जिल्ह्यातलं आदर्श केंद्र ठरलं आणि त्याचं उद्घाटन मोठ्या पाहुण्यांच्या हस्ते करायचं ठरलं. साहेब स्वतः मामांच्या खाटेवर बसून म्हणाले, "पहिलं कणीस पाहुण्यांच्या हातनं तोडायचं. तोवर कुणाला सुरू करू नका." हे त्यांनी फोटोसाठी म्हटलं असणार. पण मामांच्या लेखी हे वाक्य फार मोठं होतं. त्यांच्या घरात रीतच तशी आहे. हुरड्याला ज्याला आवतण दिलं, त्याच्या हातानं पहिलं कणीस मोडायचं. तो येईपर्यंत घरच्यांनीसुद्धा त्या रानातला दाणा तोंडात टाकायचा नाही. मामांच्या वडिलांनी म्हणे एकदा व्याह्याची वाट बघत घरादाराला हुरड्याविना बसवलं होतं. साहेबांचा हुकूम आणि मामांची रीत यांची अशी सोयरीक जुळली. मामांनी हात जोडून शब्द दिला, "तुमी येईपातूर रानाला हात लावनार न्हाय."

व्याही निदान शेजारच्या गावचा होता. हे पाहुणे सरकारी होते.

पहिली तारीख आली तेव्हा कणसं नुकती भरत होती, दाणा दाबला की दूध यायचं. पाहुण्यांची महत्त्वाची बैठक निघाली आणि तारीख पुढं गेली. भाऊ म्हणाला, बरंच झालं, दाणा अजून कवळा हाय. दुसरी तारीख आली तेव्हा हुरडा अगदी हातात आला होता. वस्तीवर पाऊल टाकलं की त्या हिरव्या दाण्याचा वास यायचा. मंडप उभा राहिला, आणि त्याच दिवशी कुठल्याशा निवडणुकीची आचारसंहिता लागली. मंडपवाला मंडप काढून घेऊन गेला, खड्डे तसेच ठेवले.

इकडं माझा फोन खणखणत होता. हुरड्याची बातमी मी माझ्या गिऱ्हाइकांना महिन्याभरापूर्वीच दिली होती. मी साहेबांना फोन केला. "साहेब, उद्घाटन सावकाश करा, पण आम्ही माणसं पाठवायला सुरुवात करू का?"

"उद्घाटनाआधी? तसं नाही करता येत, मॅडम. मग उद्घाटन कशाचं करायचं?"

प्रश्न बिनतोड होता. मी म्हटलं, "अहो, पण हुरडा थांबत नाही. दोन आठवड्यांत दाणा कडक होईल."

साहेब क्षणभर विचारात पडले. मग अगदी मनापासून म्हणाले, "थोडं पाणी कमी देता येणार नाही का?"

कोरडवाहू रान! पेरल्यापासून ज्याला कुणी तांब्याभर पाणी घातलं नाही, त्याचं पाणी कमी करायला निघाले होते. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी फोन ठेवला आणि दुसऱ्या दिवशी सरळ पुण्याच्या एका कुटुंबाला गाडीत घालून शेतावर पाठवून दिलं. आजी-आजोबा, मुलं, सुना, सगळी खुशीत होती. म्हटलं, एकदा माणसं दारात उभी राहिली की मामा काय करतील?

मामांनी त्यांना सावलीत खाटा टाकून दिल्या. मामींनी "बर्री, कूडरी" केलं, चहा दिला, गरम भाकरी, पिठलं, ठेचा, ताक असं पोटभर जेवायला घातलं. मुलांना बैलगाडीत फिरवलं. हुरडा मात्र दिला नाही. सभोवती उभं कणीस डोलत होतं आणि मामा हात जोडून त्या आजोबांना सांगत होते, "राग मानू नगा, मोठ्या पाव्हन्यांना शबुद दिलाय. त्यांच्या आदी न्हाय मोडता यायचं." वर जेवणाचे पैसे घेतले नाहीत, कारण हुरडा खायला घातला नव्हता. आणि खाटेचं भाडं? ते मागायला लाज वाटली. त्या कुटुंबानं परत आल्यावर माझ्याकडं एक शब्दही तक्रार केली नाही, उलट असली प्रेमळ माणसं बघितली नाहीत म्हणाले. मग हुरडा खायला दुसऱ्या एका ठिकाणी गेले.

मी त्याच दिवशी संध्याकाळी एसटीनं गाव गाठलं आणि मामांशी भांडले. आयुष्यात पहिल्यांदा आवाज चढवून बोलले. "मामा, तो माणूस येणार नाही. त्याला तुमचं नावसुद्धा माहीत नाही. तुम्ही कुणासाठी रान राखताय?"

मामा शांतपणे म्हणाले, "त्याला म्हाईत नसंल. मी शबुद दिलाय हे मला म्हाईत हाय की."

"आणि पोरगं गेलं म्हणजे?"

यावर ते उठून गोठ्याकडं गेले. मामी चुलीपुढं बसल्या होत्या. मला वाटलं, त्या तरी माझ्या बाजूनं बोलतील. पोरगा राहावा म्हणून सगळ्यात जास्त जीव त्यांचाच तुटत होता. त्यांनी फक्त एवढंच विचारलं, "पोरी, ह्या आठवड्यात येत्याल का गं ते?" मला त्यांचा राग आला आणि रडूही आलं. बोलावलेल्याच्या आधी खायचं नाही हे त्यांनाही इतकं पटलेलं होतं की स्वतःच्या मुलासाठीसुद्धा त्या एक कणीस मोडायला तयार नव्हत्या. ज्यांच्यासाठी हे चाललं होतं, ते गृहस्थ त्या वेळी बहुधा कुठल्या तरी तिसऱ्याच गावात नारळ फोडत होते.

भाऊ रोज सकाळी रानात जाऊन दाणा बोटांत दाबून बघायचा आणि मला फोन करायचा. "आज बी चालतोय." "आज जरा दाट लागला." मग एक दिवस नुसतं, "आक्का, झालं." दाणा पांढरा पडला होता, नखानं फुटत नव्हता. हुरड्याचा जोंधळा झाला. भाकरीला उत्तम. चोळून खायला गेलात तर दात हातात येतील.

आणि तेव्हा तारीख पक्की झाली.

भाऊ साहेबांकडं गेला आणि म्हणाला, हुरडा संपला. साहेब गडबडले नाहीत. त्यांनी पुण्याच्या कंपनीला फोन लावला आणि आमचा भागीदार शांतपणे म्हणाला, "नो टेन्शन, आमच्याकडं फ्रोझन आहे." त्या क्षणी मला खासगी क्षेत्राची भूमिका कळली. सरकारनं उशीर करायचा आणि खासगी क्षेत्रानं तो बर्फात ठेवून विकायचा.

उद्घाटन थाटात झालं. गाड्या लावायला जागा हवी म्हणून बांधालगतचा उभ्या जोंधळ्याचा पट्टा आदल्या दिवशी आडवा केला. मामा तिकडं पाठ करून उभे राहिले. भावाला फेटा बांधला होता, मामांना अखेर धोतर नेसवलं होतं. ते सुटेल या भीतीनं ते दिवसभर एका हातानं कमरेला धरून होते. पाहुणे आले. त्यांनी फीत कापली, मग रानाच्या कडेला जाऊन पहिलं कणीस तोडलं. ते काही सहज तुटेना, धाटासकट उपटून आलं. टाळ्या झाल्या. भाषणं झाली. देशाच्या पर्यटनात आपल्या जिल्ह्याचा वाटा किती मोठा आहे, हे तीन वक्त्यांनी सांगितलं आणि तिघांनीही शेतकऱ्याचे आभार मानले. शेतकरी मंडपाबाहेर धोतर धरून उभा होता.

मंडपामागं कंपनीची पोरं थर्माकोलच्या खोक्यांतून गोठलेला हुरडा काढून कढईत परतत होती. आगटी पेटवली होती, पण ती धुरासाठी. मामी हे सगळं बघत होत्या. एका पोरानं त्यांना बाजूला व्हा म्हणून सांगितलं, फ्रेममध्ये येत होत्या. त्या झाल्या. स्वतःच्या वस्तीवर, स्वतःच्या आगटीपासून त्या बाजूला झाल्या, हे मी कधी विसरणार नाही.

पाहुण्यांनी पहिला घास घेतला, डोळे मिटले आणि म्हणाले, "वा! ही चव पुण्यात मिळायची नाही."

खोक्यावर पुण्याचा पत्ता होता. भागीदारानं पाय पुढं करून खोकं टेबलाखाली सरकवलं. मग पाहुण्यांनी प्रेमानं मामांना जवळ बोलावलं आणि स्वतःच्या हातानं कागदी द्रोण दिला. त्या वर्षी मामांच्या तोंडात गेलेला तो पहिला हुरडा. कॅमेरे रोखलेले होते. मामांनी चावून खाल्ला, पाहुण्यांकडं बघितलं आणि म्हणाले, "ग्वाड हाय, साहेब." पाहुण्याला वाईट कसं वाटू द्यायचं? मला ओरडावंसं वाटत होतं. मी ओरडले नाही, मी पण द्रोण घेतला. ओल्या रबराची चव होती.

तासाभरात सगळं आवरलं. उरल्या त्या सरकारनं फाट्यावर लावलेल्या दोन पाट्या, चार खड्डे आणि बांधावर उडणारे थर्माकोलचे तुकडे.

भावानं काढणी होईपर्यंत दम धरला. मग म्हणाला, "आई, सुगी झाली." मामींनी त्याला अडवलं नाही, बोलणं झालं होतं आणि त्या घरात झालेलं बोलणं मोडत नाहीत. त्याच रानातला नवा जोंधळा दळून त्यांनी पिठाची पिशवी भरली, कडक भाकऱ्या बांधल्या, आणि एसटी दिसेनाशी होईपर्यंत फाट्यावर उभ्या राहिल्या. घरी आल्यावर त्यांनी ती दोन्ही स्वच्छतागृहं धुतली. कुणी येणार नव्हतं, तरी धुतली.

भाऊ गोडाऊनमध्ये फार दिवस राहिला नाही. उद्घाटनात त्याचं काम भागीदाराच्या नजरेत भरलं होतं. पुण्याजवळ त्या कंपनीचा रिसॉर्ट आहे, तिथं त्याला ठेवून घेतला. चांगला पगार, राहायला खोली, अंगावर बाराबंदी, डोक्याला फेटा. थंडीत तो तिथं पुण्याच्या लोकांना हुरडा भाजून देतो आणि "या, बसा मंडळी" असं म्हणतो. असं म्हणायचं त्याला शिकवलंय. हाय, न्हाय बोलायची तिथं मनाई आहे, पाहुण्यांना कळत नाही म्हणे. मला कुणी आता विचारलं की पर्यटनात सरकारचं काम काय आणि खासगी लोकांचं काय, तर माझ्याकडं उत्तर तयार आहे. पोरगं तयार सरकारनं केलं, उचललं खासगी कंपनीनं, आणि वाढवलं होतं कुणी तर मामींनी. त्यांचा उल्लेख दोघांच्याही अहवालांत नसणार.

यंदा जोंधळा भरला आणि एक गंमत झाली. उद्घाटनाचा तो फोटो, मामा द्रोण घेऊन उभे असलेला, इकडून तिकडं फिरत कुठल्या कुठं पोचला होता. कुणालाही न विचारता लोक येऊ लागले. पाटीवरचा बाण चुकलेला असूनही आले. पहिल्यांदा दोन गाड्या, मग रविवारी बांधाला रांग. ते परत गेलेलं पुण्याचं कुटुंबही आलं, आजोबा काठी टेकत आले. या खेपेला मामांनी कुणालाच आवतण दिलेलं नव्हतं, त्यामुळं कुणासाठी थांबायचा प्रश्नच आला नाही. दारात आला त्याच्या हातात त्यांनी कणीस दिलं.

मीही एका रविवारी माझं गिऱ्हाईक घेऊन गेले. रान माणसांनी फुललं होतं. मामा पँटीतच आगटीपुढं बसून कणसं चोळत होते, तळहात लाल झाले होते. मामी चटणी वाटत, ताक देत, लेकरांची तोंडं पुसत पळत होत्या. दोघांना आवरत नव्हतं. एक माणूस कमी होता, आणि कोण ते आम्हा तिघांना ठाऊक होतं. भावानं गेल्या वर्षी जे डोळ्यांपुढं आणलं होतं, ते सगळं त्याच्या डोळ्यांआड चाललं होतं. माझा जीव इतका कळवळला की मी फोन काढला. त्याला व्हिडिओ कॉल लावायचा, हे सगळं दाखवायचं आणि म्हणायचं, बाबा, फेटा काढ आणि ये, तुझं जमलंय.

नाव शोधत होते तेवढ्यात मामी ताकाची कळशी घेऊन जवळ आल्या. फोनकडं बघितलं आणि त्यांना कळलं. त्यांनी माझं मनगट धरलं.

"त्याला सांगू नगं, पोरी."

"अहो मामी, तो येईल. लगेच येईल. तुम्हाला तेच हवं होतं ना?"

"म्हनून तर म्हनतीया," त्या हळूच म्हणाल्या. "तितलं सोडून लगीच यील. आनि तो आला की केंद्र सुरू हुईल, मग ते साहेब बी येत्याल, उद्घाटन कराया."

मी फोन पर्समध्ये ठेवला आणि त्यांच्या हातातली कळशी घेतली.